काळे डोळे आणि एक ऑफर लेटर

गेल्या महिन्यात मला एक ऑफर आली. नोकरीची. (लग्नाची असती तर माझ्या आधी आईला कळली असती!) मुंबईत लोअर परळला काचेची बिल्डिंग, सातवा मजला, मेडिक्लेम आणि महिन्याच्या एक तारखेला पगार. पाच वर्षं फ्रीलान्सिंग केलेल्या मुलीला ‘एक तारीख’ हे शब्द किती रोमँटिक वाटतात, ते तुम्हाला नाही कळायचं. तुमच्यासाठी तो नुसता ईएमआय कापला जायचा दिवस असतो.

अडचण एकच होती. ही ऑफर ज्या टीमकडून आली, तिची हेड माझी कॉलेजमधली मैत्रीण आहे. मास कॉमच्या शेवटच्या वर्षी आम्ही दोघींनी मिळून एक फिल्म केली होती. पीएमपीच्या शेवटच्या बसच्या कंडक्टरवर बारा मिनिटांची डॉक्युमेंटरी. रात्री साडेअकराला कॅमेरा घेऊन डेपोत बसायचो, कटिंग पीत. पुढची दहा वर्षं असंच काम करायचं, कुणाची नोकरी करायची नाही, हे तिथेच ठरलं. चहावर ठरलेल्या गोष्टी असतात तसंच ठरलं. रिझल्ट लागला आणि दोन महिन्यांत तिनं नोकरी धरली. मी तिला फोनवर म्हणाले, ‘‘विकली गेलीस.’’ त्यानंतर वाढदिवसाला मेसेज, दिवाळीला मेसेज. बास.

आता तिच्याच टीमकडून ऑफर. उत्तर द्यायला सोमवारपर्यंतची मुदत. आणि शुक्रवारी रात्रीपासून मी काय करत बसले होते? तर एका फिनिश हिरोबद्दल वाचत!

फिनलंडचा व्हॅलेंटिनो

आता तुम्ही म्हणाल, फिनलंडच का? तर झालं असं, की दोन वर्षांपूर्वी मी आकी कौरिस्माकी या दिग्दर्शकाचा ‘फॉलन लीव्हज’ (२०२३) पाहिला आणि त्याच्या प्रेमातच पडले. मग त्याच्याबद्दल मिळेल ते वाचत गेले. त्यात एका जुन्या फिनिश दिग्दर्शकाचं नाव पुन:पुन्हा यायचं. तेउवो तुलिओ. फोटो पाहिला आणि खरं सांगते, तो दिग्दर्शक आहे हे विसरूनच गेले. मागे चापून बसवलेले काळे केस, खोल काळे डोळे. मूकपटांच्या जमान्यात त्याला ‘फिनलंडचा व्हॅलेंटिनो’ म्हणायचे, ते उगाच नाही.

पुढे कळलं, की हा माणूस आयुष्यभर मोठ्या स्टुडिओंपासून लांब राहिला. स्वत:ला हवे तेच सिनेमे, हवे तसेच केले. झालं! माझ्या देव्हाऱ्यात नवा देव आला. चेक लटकला, की मी मनात म्हणायचे, तुलिओला तरी कोण एक तारखेला पगार देत होतं?

पण देवाची पोथी आपण कधी पूर्ण वाचत नाही. ती मी त्या वीकएंडला वाचली.

तुलिओचा जन्म १९१२चा, सेंट पीटर्सबर्गमधला. तेव्हा फिनलंडसुद्धा रशियन साम्राज्याचाच भाग होता. त्याचं खरं नाव थिओडोर तुगाई. दहाएक वर्षांचा असताना तो हेलसिंकीत आला, तोवर फिनलंड स्वतंत्र झाला होता. म्हणजे नवा देश, नवी भाषा आणि आडनाव असं, की हा कुठून तरी बाहेरून आलाय हे लगेच कळावं. तिथे त्याला एक दोस्त मिळाला, व्हालेंटिन इव्हानोफ. याचाही जन्म हेलसिंकीतला असला, तरी आडनाव रशियनच. दोघांना एकच वेड होतं, सिनेमा.

१९२९ मध्ये त्यांचा पहिला सिनेमा आला, ‘मुस्तात सिल्मात’. अर्थ ‘काळे डोळे’. दिग्दर्शक इव्हानोफचं वय १९, हिरो तुगाईचं १६. सोळा! त्या वयात मी फर्स्ट इयरच्या क्लासचे फॉर्म भरत होते. त्याच वर्षी दोघांनी एका जिप्सी प्रेमवीराची गोष्ट सांगणारा ‘मुस्तालाइसहुर्माया’ केला. तो आजही शिल्लक आहे. ‘काळे डोळे’ मात्र नाही. त्याचं काय झालं माहितीये? असं सांगतात, की या दोघांनीच तो उचलला आणि हेलसिंकीच्या समुद्रात फेकून दिला.

हे वाचून मी आधी हसले. विशीतल्या पोरांनाच सुचेल असा माज! मग आठवलं, आमच्या फिल्मची हार्ड डिस्क कुठे आहे ते मलाही ठाऊक नाही. समुद्रात फेकायचे तरी कष्ट त्यांनी घेतले होते.

एकानं नोकरी धरली

पुढच्या तीन-चार वर्षांत ही जोडी ‘फेन्निका’ नावाच्या छोट्या कंपनीत काम करत राहिली. एक दिग्दर्शन करणार, दुसरा पडद्यावर डोळ्यांनी घायाळ करणार. ‘लावेआता तिएता’ (१९३१) आणि ‘सिनिनेन वार्यो’ (१९३३) हे त्यातले दोन सिनेमे. याच काळात फिनलंडमध्ये बोलपट आले. दोघांनी आडनावंही बदलली. तुगाईचा झाला तुलिओ, इव्हानोफचा झाला व्हाला. त्या काळात फिनलंडमध्ये हजारो लोक परकी आडनावं टाकून फिनिश आडनावं घेत होते.

आणि मग १९३५ मध्ये व्हालानं नोकरी धरली.

नोकरी साधीसुधी नव्हती. ‘सुओमी-फिल्मी’ ही तिथली सगळ्यात मोठी कंपनी. आपल्याकडच्या जुन्या ‘प्रभात’सारखं समजा. स्वत:चा स्टुडिओ, स्वत:चे नट, स्वत:ची थिएटरं. पहिल्याच वर्षी त्यानं ‘काइक्की राकास्तावात’ म्हणजे ‘सगळेच प्रेम करतात’ हा सिनेमा केला. त्यातली आन्सा इकोनेन आणि ताउनो पालो ही जोडी अख्ख्या फिनलंडनं डोक्यावर घेतली. मग हलक्याफुलक्या कॉमेडी, नाटकांवरचे सिनेमे, कादंबऱ्यांवरचे सिनेमे. व्हाला या एकाच कंपनीत १९६३ पर्यंत राहिला. अठ्ठावीस वर्षं! आमच्या पिढीत अठ्ठावीस महिने एका ठिकाणी टिकलं, तरी एचआरवाले केक कापतात.

तुलिओनं काय केलं? अभिनय बाजूला ठेवला आणि तोही दिग्दर्शक झाला. आधी छोट्या निर्मात्यांबरोबर, नंतर स्वत:च निर्माता होऊन. १९३६, १९३७ आणि १९३८ अशी ओळीनं तीन वर्षं त्याचे सिनेमे आले. त्यातला दुसरा एफ. ई. सिल्लानपा या लेखकाच्या कादंबरीवर होता. हा लेखक १९३९ मध्ये साहित्याचं नोबेल मिळवणारा. म्हणजे तुलिओची निवडही काही ऐरीगैरी नव्हती. १९३८ मध्येच त्यानं ‘लाल फुलाचं गाणं’ केला. लाकडाचे ओंडके नदीतून वाहून नेणारा रंगेल तरुण, गावोगावी त्याच्या प्रेमात पडणाऱ्या मुली आणि उसळत्या पाण्यात एका ओंडक्यावर उभं राहून केलेला तो थरार. तेव्हा तो जेमतेम सव्वीस वर्षांचा होता.

मी सत्तावीस पूर्ण केलीत. असो.

एक गोष्ट, दोन शेवट

खरी गंमत पुढे आहे. हे दोघे दोस्त लांब गेले, तरी दोघांनी एकच गोष्ट सांगितली. खेड्यातली मुलगी शहरात येते, ही ती गोष्ट.

व्हालाचा सिनेमा १९३७चा, ‘युउराकोन हुल्दा’. हेल्ला वुओलियोकी या लेखिकेच्या नाटकावरचा. हुल्दा हेलसिंकीत येते, एका बड्या माणसाच्या घरी मोलकरीण होते, काम करता करता शिकते, राजकारणात बोलायला लागते आणि शेवटी त्याच घरात मानानं उभी राहते. ही गोष्ट इतकी चालली, की १९४७ मध्ये हॉलिवूडनं ती घेऊन ‘द फार्मर्स डॉटर’ केला आणि त्यातल्या भूमिकेसाठी लॉरेटा यंगला ऑस्कर मिळालं.

तुलिओचा सिनेमा १९४६चा, ‘राक्काउदेन रिस्ती’ म्हणजे ‘प्रेमाचा क्रूस’. दीपगृहाच्या रखवालदाराची मुलगी, वादळात फुटलेल्या जहाजातून आलेला श्रीमंत पाहुणा, त्याच्यामागे शहरात पळून जाणं आणि मग घसरत घसरत वेश्यावस्तीपर्यंत. तुलिओच्या जगात शहर मुलीला खातं. दर वेळी. मधे १९३९ मध्ये एका कॉमिक स्ट्रिपवरची कॉमेडी त्यानं करून पाहिली. पण त्याचा जीव रमला तो मेलोड्रामातच. घोडे उधळताहेत, धबधबा कोसळतोय, वादळ सुटलंय आणि नायिकेच्या डोळ्यांवर प्रकाशाची एक तिरीप.

ही नायिका बहुतेक वेळा एकच. रेगिना लिन्नानहेइमो. त्याच्या पहिल्या सिनेमापासून ती त्याच्याबरोबर होती आणि पुढे पटकथा लिहिण्यातही तिचा हात असे. ‘लेवोतोन वेरी’ (१९४६) मध्ये ती आंधळ्या बायकोचं काम करते. तिला पुन्हा दिसायला लागतं, पण ती ते नवऱ्यापासून आणि सख्ख्या बहिणीपासून लपवते. कारण या दोघांत काय चाललंय ते तिला बघायचं असतं. एकता कपूरच्या आधी पन्नास वर्षं! पण हसून सोडून द्यावं असं ते नाही. पडदाभर तिचे ते डोळे असतात आणि आपल्याला मान वळवता येत नाही. असा सिनेमा कुठल्याही कंपनीच्या मीटिंगमध्ये पास झाला नसता. तो तुलिओच करू शकत होता, कारण त्याला कुणाला विचारायचंच नव्हतं.

इथवर वाचून मी खूश होते. बघा, मी म्हणत नव्हते? शनिवारी रात्री ‘सॉरी, जमणार नाही’ असा मेल ड्राफ्टमध्ये तयारही होता.

आणि मग आग

रविवारी पुढचं वाचलं.

१९५९ मध्ये हेलसिंकीत ‘आदाम्स फिल्मी’ या कंपनीच्या गोदामाला आग लागली. तुलिओच्या सुरुवातीच्या त्या तीन सिनेमांच्या निगेटिव्ह त्यात जळाल्या. जुनी फिल्म नायट्रेटची असायची. ती एकदा पेटली, की पाण्याखालीसुद्धा जळत राहते. पुण्यात राहणाऱ्यांना हे वेगळं सांगायला नको. जानेवारी २००३ मध्ये इथेच, फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारात नायट्रेट फिल्मचा साठा पेटला आणि आपल्या मूकपटांच्या, जुन्या बोलपटांच्या कितीतरी प्रती गेल्या. फिनिश भाषेत ‘तुली’ म्हणजे आग. तुलिओचं आडनाव त्याला असं भोवेल असं कुणाला वाटलं असेल?

पण मला चटका लागला तो आगीचा नाही. आग काय, कुणाचंही काही जाळते. मला लागलं ते तुलिओनं स्वत: केलं ते.

१९५६ मध्ये ‘तू माझ्या रक्तात भिनलास’ अशा नावाचा सिनेमा आला. लिन्नानहेइमोचा तो शेवटचा. त्यानंतर तिनं पडदा सोडला. तुलिओ एकटा राहिला. आणि त्यानं पुन्हा तीच गोष्ट काढली. भोळी मुलगी, बाहेरून आलेला पाहुणा, शहर, घसरण. ‘प्रेमाचा क्रूस’च, फक्त आता रंगीत, दीपगृहाऐवजी लॅपलंडचं बर्फ आणि रेनडिअर. नाव ‘सेन्सुएला’. हे काम वर्षानुवर्षं चाललं. सिनेमा लागला १९७३ मध्ये. तोवर जग कुठल्या कुठे गेलं होतं, आणि हा साठीतला माणूस १९४६ची गोष्ट १९४६च्याच सुरात सांगत होता. सिनेमा आपटला. तुलिओनं पुन्हा कधी सिनेमा केला नाही. मुलाखती टाळल्या. आपले जुने सिनेमे दाखवायलाही तो सहजी हो म्हणेना. २००० मध्ये तो गेला, त्यानंतर कुठे ते पुन्हा पडद्यावर आले, परदेशातल्या महोत्सवांत गाजले. टाळ्या वाजल्या तेव्हा तो नव्हता.

सोळाव्या वर्षी सिनेमा समुद्रात फेकला तेव्हा बरोबर दोस्त होता. म्हातारपणी आपलेच सिनेमे कपाटात बंद केले तेव्हा एकटा होता.

मी लॅपटॉप मिटला आणि गॅलरीत जाऊन उभी राहिले. गेल्या पाच वर्षांतले माझे लेख आठवायला लागले. ‘एकटी राहणारी मुलगी आणि शहर’. ‘शहर आणि एकटेपणा’. ‘रात्रीचं शहर’. नावं वेगळी, लेख एकच! प्रत्येक ठिकाणी तो छापून आला, कारण प्रत्येक ठिकाणी वाचणारा संपादक वेगळा होता. हे सगळे लेख ओळीनं वाचून ‘बास कर आता’ म्हणणारं कुणीच नव्हतं. याला मी स्वातंत्र्य म्हणत होते.

आता नोकरीवाल्यांनी लगेच कॉलर टाइट करू नये. व्हालाचाही हिशेब बघा. एवढ्या वर्षांत त्यानं चाळीसच्या आसपास सिनेमे केले. त्यातले काही आजही तिथे लाडके आहेत, पण बरेचसे कंपनीला हवे म्हणून केलेले. घरोघरी टीव्ही आला, १९६३ मध्ये नटांचा संप झाला आणि कंपनीचं मन सिनेमातून उडालं. व्हालाचा शेवटचा चित्रपट त्याच वर्षीचा. पुढे छोटे माहितीपट. आणि ज्या एर्क्की कारूनं ही सुओमी-फिल्मी उभी केली होती, त्याला तर १९३३ मध्येच कंपनीतून बाहेर पडावं लागलं होतं. कंपनी उभी करणाऱ्याचीच खुर्ची पक्की नाही, तिथे आपल्या अप्रेझलचं काय घेऊन बसलात!

तेव्हा कोण बरोबर होतं, हा प्रश्नच माझ्यापुरता निकालात निघाला. व्हालाला रोज कुणीतरी ‘नको’ म्हणणारं होतं. त्यातून ‘हुल्दा’ झाली आणि कितीतरी सपक सिनेमेही झाले. तुलिओला कुणी ‘नको’ म्हणणारं नव्हतं. त्यातून ते डोळे मिळाले आणि ‘सेन्सुएला’ही झाला. ज्यानं त्यानं आपापली किंमत मोजली. मी मात्र पाच वर्षं एकीकडचीच किंमत मोजत होते आणि दुसरीकडच्याला ‘विकला गेला’ म्हणत होते.

फोन

रविवारी रात्री साडेनऊला मी तिला फोन केला. ऑफरचा विषय काढलाच नाही. म्हटलं, ‘‘अगं, आपली ती कंडक्टरची फिल्म कुठे असेल गं?’’

ती दोन सेकंद गप्प. मग म्हणाली, ‘‘माझ्याकडे आहे. तीन लॅपटॉप बदलले, दर वेळी कॉपी करून ठेवली.’’

पुढच्या रविवारी ती पुण्याला आली. येताना लोणावळ्याची चिक्की. पाच वर्षांनी भेटतोय तर काय आणायचं, हे तिलाही सुचलं नव्हतं. माझ्या कोथरूडच्या रूमवर गादीवर बसून आम्ही ती बारा मिनिटं बघितली. आवाज कुठेच धड नाही. अर्धी फिल्म अंधारात. कंडक्टरकाका काहीतरी छान सांगायला लागतात आणि आम्ही नेमक्या तिथे कट मारून बसच्या चाकाचा शॉट दाखवतो. का? माहीत नाही. चाकाचा शॉट भारी आला होता म्हणून.

‘‘वाईट आहे गं,’’ ती म्हणाली.

‘‘खूपच,’’ मी म्हणाले.

आणि आम्ही हसायला लागलो. इतक्या, की खालच्या काकू वर आल्या. हसता हसताच मी ‘‘त्या फोनचं सॉरी’’ म्हणून टाकलं. ती म्हणाली, ‘‘कुठल्या फोनचं?’’ तिला पक्कं आठवत होतं. तोंडावर दिसत होतं.

नोकरीचं म्हणाल, तर मी ती घेतली नाही. तुलिओमुळे नाही आणि व्हालामुळेही नाही. मला लोकलनं रोज लोअर परळला उतरायचं नव्हतं, एवढं ते साधं कारण होतं. पाच वर्षं मी त्याला उगाच तत्त्वाचा मुलामा देत होते. हे तिला सांगितलं तेव्हा ती म्हणाली, ‘‘हे तू तेव्हाच सांगितलं असतंस, तर मी चिडले नसते.’’ तिच्या टीमसाठी महिन्यातून दोन कामं मात्र करते. पैसे एक तारखेला येत नाहीत, सात तारखेला येतात. तेही चालतंय.

आणि अजून एक. आता माझा प्रत्येक लेख आधी तिच्याकडे जातो. हासुद्धा गेला होता. यात हेलसिंकीच्या बर्फावर आणि माझ्या एकटेपणावर दोन मोठे परिच्छेद होते. मला ते भयंकर आवडले होते.

तिनं ते कापले.